कोरड्या गवतातून जाणारी गाडी

ज्या जागेने मला हा लेख लिहावयास भाग पाडले ती तळहाताहून मोठी नव्हती. २०२० सालच्या जून महिन्यातली ती दुपार होती. कॅलिफोर्नियातील सिएरा नेवाडा पर्वताच्या पश्चिम उतारावर, प्लॅसरव्हिल गावाच्या पूर्वेस असलेल्या माझ्या लहानशा बागेच्या कडेला, गुडघाभर उंचीच्या वाळलेल्या गवतात मी माझी एटीव्ही उभी केली, इंजिन बंद केले, आणि पाण्याच्या नळाचा निखळलेला सांधा पाहण्यासाठी चार पावले पुढे गेलो, तोच मागून जो वास आला तो पेट्रोलचा नव्हता, तेलाचाही नव्हता. माझ्या लहानपणी फाल्गुन-चैत्रात जुन्नरच्या डोंगरांवरून वाऱ्याबरोबर गावात उतरणारा तो वणव्याचा वास होता. वळून पाहतो तो गाडीच्या मागल्या उजव्या चाकाशेजारी गवताचा एक पुंजका काळा पडला होता, त्याच्या कडेने बारीक लाल रेघ सरकत होती, आणि ज्वाला म्हणावी असे अद्याप तेथे काही नसतानाही शेजारच्या काड्या एकेक करून वाकत त्या रेघेत पडत होत्या. गाडीवर फवारणीची टाकी होती आणि देवाच्या कृपेने तिच्यात औषध न मिसळलेले तीसेक लिटर पाणी होते. ते सगळे मी तेथे ओतले, फावड्याने माती ओढली, आणि त्यानंतर पाऊण तास त्या ओल्या मातीवर हात ठेवून बसून राहिलो, कारण उठण्याचा धीर होत नव्हता.

ती आग मी लावली होती. तसा हेतू नव्हता, आगीच्या बाबतीत बेफिकीर राहण्याचा माझा स्वभावही नव्हे. परंतु त्याच्या दोन महिने आधी स्वतः निवडून, पदरचे पैसे मोजून, आणि खोटे कशाला सांगू, मोठ्या समाधानाने जो सायलेन्सर मी त्या गाडीला बसवून घेतला होता, त्याच्याबरोबरच ती लाल रेघ माझ्या बागेत आली होती. ही वस्तू कशी निवडावी हे त्यानंतर मी शिकलो, आणि ते ज्यांना गवत पेटण्यापूर्वी कळू शकेल त्यांच्यासाठी हे लिहीत आहे.

मी मूळचा जुन्नर तालुक्यातला. १९८४ साली सॅक्रामेंटोला आलो, पाटबंधाऱ्यांच्या कामांचे आराखडे तपासण्यात नोकरीची तीस वर्षे गेली, आणि निवृत्तीनंतर सहा एकरांचा डोंगरउतार विकत घेऊन त्यावर सफरचंद आणि नाशपाती लावली. उतारावर ट्रॅक्टर उलटण्याचे भय होते, डोक्यावरून पाणी आणि खत वाहण्याचे वय उरले नव्हते, म्हणून एका शेजाऱ्याकडून २००४ सालच्या बनावटीची, साडेतीनशे सीसीची, एका सिलिंडरची जपानी एटीव्ही घेतली. फुगीर टायरांची, मोटारसायकलसारख्या हँडलने वळणारी ही चारचाकी आपल्याकडे समुद्रकिनाऱ्यावरच्या आणि थंड हवेच्या ठिकाणांवरच्या पर्यटकांची करमणूक म्हणून ओळखली जाते. अमेरिकेच्या ग्रामीण भागात ती बैलाचे काम करते, आणि शेतकरी तिच्याकडे त्याच भावनेने पाहतो.

तिच्या ज्या भागाविषयी मी बोलतो आहे त्याला इथे मफलर म्हणतात. इंडियानातील कोलंबस गावच्या मिल्टन आणि मार्शल या रीव्हज बंधूंनी १८९७ साली इंजिनाच्या अशा उपकरणाचे पेटंट घेतले तेही याच नावाने. आणि थंडीत गळ्याभोवती गुंडाळावयाचा जो मफलर आपल्या परिचयाचा आहे, त्याचे आणि याचे शब्दमूळ एकच, गुंडाळून टाकणे, आवाज दाबणे. आपल्याकडचा मिस्त्री सायलेन्सर म्हणतो, मीही तेच म्हणेन. मात्र या दोन्ही नावांमुळे एक गैरसमज पक्का होतो की आवाज कमी करणे एवढेच त्याचे काम. वस्तुतः तप्त वायू चालकापासून व गाडीच्या प्लॅस्टिकपासून दूर नेणे, काजळीचे जळते कण अडवून धरणे, आणि कारखान्यात ज्या हिशेबाने इंजिनाला हवा-पेट्रोलाचे प्रमाण ठरवून दिलेले असते तो हिशेब न बिघडवणे, ही कामेही त्याच्याकडेच असतात. आणि माझ्या नव्या सायलेन्सरने या प्रत्येक कामात कसूर केली होती.

जुना सायलेन्सर सोळा वर्षे चालला आणि आतून कुजून गेला. त्याचे कारण मला पुष्कळ उशिरा कळले, आणि ते सांगितल्याशिवाय पुढे जाऊ नये असे वाटते, कारण जे कारण जुन्याला खाते तेच नव्यालाही खाणार असते. पेट्रोल जळते तेव्हा त्यातला हायड्रोजन हवेतल्या प्राणवायूशी मिळून पाणी तयार होते, आणि हे पाणी थोडेथोडके नसते. एक लिटर पेट्रोलमागे सुमारे एक लिटर पाणी वाफेच्या रूपाने त्या नळीतून बाहेर पडते. गाडी तासभर सलग चालली तर सारे धातू तापतात आणि वाफ निघून जाते. परंतु माझी गाडी सकाळी घरापासून बागेच्या टोकापर्यंत पाच मिनिटे, दुपारी परत पाच मिनिटे अशा बेताने चालत असे, सायलेन्सर पुरता तापण्यापूर्वीच इंजिन बंद होत असे, आणि वाफेचे पाणी आतल्या पडद्यांवर साचून ज्वलनातल्या आम्लांसह तिथेच मुरत असे. हे पाणी झिरपून जावे म्हणून त्याच्या बुडाशी एक बारीक भोक ठेवलेले होते. ते कित्येक वर्षांपूर्वी चिखलाने बुजले होते आणि मी ते कधी पाहिले नव्हते. बाहेरचा काळा रंग शाबूत, आणि बोटाच्या पेराने ठोकले तर आतून सुट्या पत्र्यांचा खुळखुळाट, अशा अवस्थेत तो एके दिवशी सांध्याशी फाटला. आठवड्यातून एकदा तरी गाडी अर्धा-पाऊण तास सलग चालवावी, आणि ते भोक तारेने मोकळे ठेवावे, एवढे केले असते तर कदाचित हा सगळा प्रसंगच ओढवला नसता.

मूळ कंपनीचा सायलेन्सर मागवावयाचा तर त्याची किंमत माझ्या गाडीच्या तेव्हाच्या मोलाच्या पाचव्या हिश्शाएवढी होत होती. दुकानाच्या फळीवर, त्याच्या निम्म्याहून कमी दामाचा, घासून चकचकीत केलेला, हातात घेतला तर आश्चर्य वाटावे इतका हलका असा दुसरा सायलेन्सर होता. विक्रेता तरुण होता, मनाचा साफ होता, आणि आपण जे सांगतो आहोत त्यावर त्याचा स्वतःचा पूर्ण विश्वास होता. मागच्या अंगणात तोच सायलेन्सर बसवलेली एक गाडी त्याने चालू करून दाखवली. काय तो आवाज! खोल, घुमणारा, छातीच्या फासळ्यांत जाऊन बसणारा. याने इंजिनाची ताकद वाढते असे तो म्हणाला, आणि त्या आवाजापुढे ते मला खरे वाटले. इंजिन अतिवेगाने फिरत असताना मोकळ्या सायलेन्सरने ताकदीत थोडी भर पडते हे काही खोटे नाही. परंतु ताशी पंधरा-वीस किलोमीटरच्या वेगाने खताची पोती वाहणाऱ्या गाडीला त्या ताकदीचा उपयोग काय, हा प्रश्न मी विचारावयास हवा होता. खोक्याच्या तळाशी बारीक अक्षरांत एक ओळ छापली होती, की हा भाग केवळ बंदिस्त शर्यतीच्या मार्गावरील वापरासाठी आहे. इतरांच्या आराखड्यांतल्या तळटिपा तपासण्यात ज्याची हयात गेली त्या माझ्या नजरेने ती ओळ वाचली, आणि शर्यतीतसुद्धा टिकेल इतका हा मजबूत आहे असा तिचा अर्थ मी लावला. तिचा खरा अर्थ असा असतो की सार्वजनिक रानवाटांवर, वनांत आणि गवताळ जमिनीवर लागू असलेले आवाजाचे, धुराचे आणि ठिणग्यांचे नियम हा भाग पाळतो अशी हमी बनवणारा देत नाही. ही ओळ जेथे दिसेल तेथून शेतकऱ्याने आणि रानात हिंडणाऱ्याने खोके खाली ठेवून निघून यावे, असे मी आज निःसंकोच सांगतो.

पुढल्या दोन महिन्यांत त्या सायलेन्सरने मला वारंवार सूचना दिल्या आणि त्यातली एकही मी ऐकली नाही. अॅक्सिलरेटर सोडला की नळीतून फटाक्यासारखे बार निघत. शेजारच्या कुरणातली घोडी, जी पूर्वी गाडी पाहून कुंपणाशी येत असे, ती आवाज ऐकताच दूरच्या कोपऱ्यात जाऊन उभी राही. संध्याकाळी जेवावयास बसलो की कानांत बारीक शीळ वाजत असे, आणि पत्नी जे बोले त्यातला निम्मा भाग मला पुन्हा विचारावा लागे. मे महिन्याच्या अखेरीस मागल्या मडगार्डच्या आतल्या बाजूचे प्लॅस्टिक मऊ पडून खाली झुकलेले आढळले. इंजिनापासून निघणारी नळी तिन्हीसांजेच्या अंधुक उजेडात एकदा मंद तांबूस दिसली होती, तेही मी पाहिले होते. यातली प्रत्येक गोष्ट सुटी सुटी घेतली तर क्षुल्लक वाटते. एकत्र पाहिली असती तर ते एक संपूर्ण निदान होते.

आगीच्या दुसऱ्याच दिवशी मी गाडी ट्रेलरवर घालून एका वृद्ध मेकॅनिककडे नेली. त्यांनी उमेदीची पंचवीस वर्षे वनखात्यात आगीशी झुंजण्यात घालवली होती, आणि आता ते लाकूड कापण्याच्या यांत्रिक करवती व लहान इंजिने दुरुस्त करीत. झालेला प्रकार मी सांगितला. त्यांनी दोष दिला नाही, उपदेशही केला नाही. भिंतीवरच्या खिळ्याला अडकवलेली एक जाड तार काढली आणि माझ्या सायलेन्सरच्या तोंडात घातली. तार आत गेली, आणखी आत गेली, हातभर गेली तरी तिला काही आडवे आले नाही. मग शेजारी दुरुस्तीला आलेल्या एका दुसऱ्या गाडीच्या तोंडात त्यांनी तीच तार घातली. चार बोटांवर ती टक्‌ असा आवाज करून थांबली. "ही जाळी," ते म्हणाले, "तुमच्यात ही नाही."

त्या जाळीला स्पार्क अरेस्टर म्हणतात. आपण तिला ठिणगीरोधक म्हणू. इंजिनात आणि नळीत वर्षानुवर्षे काजळीचे पापुद्रे जमतात, ते अधूनमधून सुटतात, आणि लालबुंद होऊन वायूच्या लोटाबरोबर बाहेर उडतात. त्यांना अडवणे किंवा आपटून चुरा करणे हे या जाळीचे काम. अमेरिकेच्या वनखात्याने यासाठी जे परिमाण घालून दिले आहे त्यानुसार ०.०२३ इंचाहून, म्हणजे अर्ध्या मिलिमीटरच्या थोड्या पुढच्या मापाहून मोठ्या कणांपैकी निदान ८० टक्के तरी अडले पाहिजेत. आणि त्या कसोटीस उतरलेल्या सायलेन्सरच्या अंगावर तसा शिक्का धातूत ठोकलेला किंवा कोरलेला असतो. कागदी चिठ्ठीवर विसंबू नये. ती पहिल्याच पावसाळ्यात जाते. दुकानात हातातला सायलेन्सर फिरवून तो शिक्का आपल्या डोळ्यांनी पाहावा आणि मगच किमतीची गोष्ट काढावी. शंका असेल तर वनखात्याच्या सान डिमास येथील तंत्रकेंद्राने ठिणगीरोधकांची मार्गदर्शिका तयार केलेली आहे, तीत बनवणाऱ्याचे नाव आणि नमुन्याचा क्रमांक ताडून पाहता येतो.

माझ्या मनात तोवर अशी समजूत होती की हा कायदा सरकारी जंगलात शिरणाऱ्यांसाठी आहे आणि स्वतःच्या बागेत मला तो लागू नाही. ती चुकीची ठरली. राष्ट्रीय वनांत कार्यक्षम ठिणगीरोधकाशिवाय अशी गाडी चालवण्यास मनाई आहेच. शिवाय कॅलिफोर्निया राज्याचा कायदा झाड, झुडूप किंवा गवत यांनी आच्छादलेल्या जमिनीविषयी बोलतो, मग तिचा सातबारा कोणाच्याही नावावर असो. आणि हयगयीमुळे आग पसरली तर ती विझवण्याचा सरकारी खर्च संबंधित इसमाकडून वसूल करता येतो. मी हे भय घालण्यासाठी लिहीत नाही. २००७ सालच्या ४ जुलैला सांता बार्बरा परगण्यात एका खाजगी जमिनीवर पाण्याचा नळ दुरुस्त करताना ग्राइंडरच्या ठिणग्या गवतात पडल्या आणि सुमारे २ लाख ४० हजार एकर रान जळाले. २०१८ च्या २३ जुलैला रेडिंग शहराजवळ एका ट्रेलरचे टायर फुटले, चाकाची रिम सडकेवर घासत गेली, आणि सुमारे २ लाख ३० हजार एकरांसह हजाराहून अधिक घरे आणि आठ माणसे त्या आगीत गेली. मीही त्या दुपारी पाण्याचा नळच दुरुस्त करावयास निघालो होतो. हे आकडे मला पूर्वीही ठाऊक होते. त्या दिवसानंतर ते मला निराळ्या रीतीने ठाऊक झाले.

मेकॅनिकनी आणखी एक गोष्ट दाखवली, जी कोणत्याही शिक्क्यावर लिहिलेली नसते. मूळच्या सायलेन्सरचे तोंड उंचावर आणि सरळ मागे होते. नव्याचे तोंड देखणेपणासाठी तिरके, बाहेर आणि खाली वळवलेले होते, आणि गाडी उभी केली की ते बरोबर गवताच्या उंचीवर येत होते. त्याशिवाय मूळच्या नळीवर उष्णतारोधक पत्रा होता, तो नव्याला बसत नाही म्हणून काढून टाकला गेला होता, आणि उघड्या नळीच्या व चौकटीच्या बेचक्यात वाळलेल्या गवताची मूठभर गुंडी अडकून करपली होती. ठिणगी तोंडातून पडली की ती गुंडी पेटून खाली गळली, याचा निवाडा करण्याची गरज उरली नव्हती. दोन्ही वाटा त्या एका खरेदीने मोकळ्या केल्या होत्या. म्हणून सायलेन्सर घेताना तो आपल्या गाडीशेजारी धरून पाहावा, वायू कोणत्या दिशेने जाणार, मागच्या रॅकवरच्या पिशवीला तो लागणार काय, मूळचा पत्रा परत चढणार काय, हे विचारावे. एकाच नावाच्या गाडीच्या, इंजिनाचा जोर दोनच चाकांना देणाऱ्या आणि चारही चाकांना देणाऱ्या, किंवा वेगवेगळ्या सालांच्या बनावटींत टांगण्याचे कान निराळ्या जागी असू शकतात, तेव्हा गाडीच्या नावावर न जाता चौकटीवरचा क्रमांक लिहून न्यावा.

आता आवाजाविषयी, कारण बहुतेक माणसे आवाजावरूनच निवड करतात, आणि मीही तेच केले. कॅलिफोर्नियात १९८६ पासून बनलेल्या अशा गाड्यांना ९६ डेसिबलची मर्यादा आहे. मोजणी गाडी उभी ठेवून होते: इंजिन साधारणपणे त्याच्या कमाल फेऱ्यांच्या निम्म्यावर स्थिर ठेवतात आणि नळीच्या तोंडापासून २० इंचांवर, त्याच उंचीला, ४५ अंशांच्या कोनात मापक धरतात. माझी गाडी ९९ भरली. तीनच अंक जास्त, असे मी म्हणालो, तेव्हा मला सांगण्यात आले की डेसिबलचे परिमाण बेरजेने चढत नाही, पटीने चढते; तीन अंक वाढले की ध्वनीची शक्ती दुप्पट होते, आणि दहा वाढले की कानाला आवाज दुपटीने मोठा भासतो. कष्टकऱ्यांच्या आरोग्याचा विचार करणाऱ्या अमेरिकेच्या सरकारी संस्थेची शिफारस अशी आहे की ८५ डेसिबलच्या आवाजात दिवसाकाठी आठ तासांहून अधिक राहू नये, आणि पुढल्या प्रत्येक तीन अंकांना ही मुदत निम्मी होते, म्हणजे ९४ ला ती एक तासावर येते. चालकाचा कान नळीपासून २० इंचांहून लांब असतो हे खरे, पण तो दिवसभर तेथेच असतो. जो इसम शर्यतीत दहा मिनिटे गाडी पळवतो त्याच्यासाठी केलेली वस्तू, जो सबंध दिवस तिच्यावर बसून काम करतो त्याने विकत घेणे ही पहिली चूक. आणि मोठा आवाज म्हणजे मोठी ताकद ही समजूत दुसरी. ही समजूत केवळ इथली नाही. महाराष्ट्रातल्या शहरांत तरुणांच्या मोटारसायकलींचे बदललेले सायलेन्सर पोलिस जप्त करून रोडरोलरखाली चिरडतात, ती छायाचित्रे मी इथे बसून पाहतो, आणि त्या मुलांविषयी मला राग येत नाही. त्या आवाजाने मलाही वयाच्या पासष्टीत भुलवले होते.

आवाज दाबण्याच्या दोन रीती आहेत, आणि खरेदीपूर्वी आपल्या हातात कोणती आहे हे जाणून घ्यावे. एकीत आत पडद्यांनी पाडलेली दालने असतात; वायू एकातून दुसऱ्यात वळणे घेत जातो, ध्वनीच्या लाटा परस्परांवर आपटून क्षीण होतात. हा प्रकार जड असतो, पण त्याची निगा फारशी लागत नाही, आणि कामाच्या गाड्यांना कारखान्यातून बहुधा हाच मिळतो. दुसरीत मधोमध छिद्रांची सरळ नळी आणि तिच्याभोवती काचतंतूंचे भरण असते. ते आवाज शोषून घेते. हे भरण जळते, भुगा होऊन नळीतून उडून जाते, आणि मग वर्षभरात सायलेन्सर पूर्वीहून कर्कश होतो. ते वेळोवेळी बदलावे लागते, हे दुकानात सहसा कोणी आपण होऊन सांगत नाही. भरण बदलण्यासाठी टोपण उघडते की टोके रिव्हेट मारून कायमची बंद केलेली आहेत, हे तरी पाहावे. दोन धावांच्या इंजिनाची गाडी असेल तर हा सारा विचार निराळा, कारण तिथे फुगीर नळी ही इंजिनाच्या रचनेचाच अंश असतो आणि तिला अंदाजाने हात लावूच नये. धातूच्या बाबतीत एवढेच सांगतो, की रंगवलेले साधे पोलाद सर्वांत आधी जाते, अॅल्युमिनियमचा मुलामा दिलेले त्याहून टिकते, आणि चांगले स्टेनलेस बहुधा गाडीपेक्षाही अधिक काळ जगते. ज्याची गाडी माझ्यासारखी थोडी थोडी चालते त्याने पैसे चकाकीवर न घालता धातूवर घालावेत.

तांबूस झालेल्या नळीचा उलगडा सर्वांत शेवटी झाला. मोकळ्या सायलेन्सरमधून वायू सहज निघून जातो, इंजिन अधिक हवा ओढते, आणि कार्ब्युरेटरमधले पेट्रोल मोजून सोडणारे जेट पूर्वीच्याच मापाचे राहिले तर त्या वाढीव हवेला पुरेसे पेट्रोल मिळत नाही. पेट्रोलच्या एका भागाला वजनाने सुमारे १४.७ भाग हवा लागते. हे प्रमाण बिघडून हवा वाढली की मिश्रण पातळ होते, ज्वलन तापते, अॅक्सिलरेटर सोडताना बार निघतात, आणि असेच चालू राहिले तर झडपा व पिस्टन यांच्या जिवावर बेतते. सायलेन्सर बदलला तर जेटही बदलावे लागेल काय, हा प्रश्न दुकानात विचारलाच पाहिजे. नव्या गाड्यांत कार्ब्युरेटर नसून पेट्रोलची मात्रा संगणक ठरवतो, पण अनेक एटीव्हींत तो पूर्वी घालून दिलेल्या कोष्टकावरून चालतो, आणि आपण नळी बदलली हे त्याला कोणी सांगितल्याशिवाय कळत नाही. शिवाय २००६ सालापासून टप्प्याटप्प्याने या गाड्यांना संघराज्याचे धुराचे नियम लागू झाले आहेत, तेव्हा नव्या गाडीच्या मालकाने बदली भाग त्या नियमांत बसतो याचा लेखी दाखला मागावा.

मी अखेर मूळ कंपनीचाच सायलेन्सर मागवला. दोन वेळचे पैसे गेले, आणि ते गेलेच पाहिजेत असे मला वाटले. बसवताना मेकॅनिकनी मला शेजारी उभे केले. इंजिनाच्या डोक्याशी असलेल्या जुन्या स्टडांवर त्यांनी आदल्या रात्री गंज सोडवणारे तेल टाकून ठेवले होते, कारण कोरड्या गंजलेल्या स्टडवर जोर केला की तो आत तुटतो आणि शंभराचे काम हजारावर जाते. सांध्यातले दबलेले जुने गॅस्केट फेकून नवे घातले. ते एकदाच दबते, दुसऱ्यांदा वापरले की फट राहते आणि त्या फटीतून हवा शिरून पुन्हा तेच बार निघतात. मग सगळे नट सैल ठेवून नळी, क्लॅम्प आणि टांगण्याचे रबर आपापल्या जागी बसू दिले, आणि इंजिनाकडून मागे येत एकेक आवळले. आधी मागचे आवळले तर नळी ताणाखाली राहते आणि वर्षा-दोन वर्षांत सांध्याशी चीर पडते. गाडी चालू केली तेव्हा आवाज इतका हळू होता की बाहेर झाडावर बोलणारा ‘जे’ नावाचा पक्षी मला ऐकू आला.

त्यानंतरच्या वर्षी, १४ ऑगस्ट २०२१ रोजी, आमच्या आग्नेयेस ग्रिझली फ्लॅट्स गावाजवळ जी आग लागली तिला कॅल्डोर म्हणतात. ते गाव बहुतांशी नष्ट झाले, पॉलक पाइन्समधली माणसे घरे सोडून निघाली, आणि २ लाख २१ हजार एकरांहून अधिक रान जळाले. कित्येक दिवस आमच्या बागेत सूर्य तांब्याच्या ताटासारखा दिसत होता आणि सफरचंदांवर करडी राख पडत होती. ती राख बोटाने पुसली तर खाली फळ लाल निघत असे. मोटारीत कागदपत्रे आणि औषधे भरून तयार ठेवलेल्या त्या दिवसांत, मी रोज संध्याकाळी कुंपणाशी जाऊन गतसालच्या त्या तळहाताएवढ्या जागेशी उभा राही. गवत तिथे पुन्हा उगवले होते आणि पुन्हा वाळले होते.

आता दरसाल एप्रिलच्या अखेरीस, रान हिरवे आहे तोवर, आणि मधे शंभर तासांचे काम भरले तर तेव्हाही, सायलेन्सर पुरता थंड झाल्यावर मी पडवीत वर्तमानपत्र पसरतो, मागचे तीन बोल्ट काढतो, जाळी ओढून बाहेर घेतो आणि मऊ तारेच्या ब्रशाने ती हळूहळू झाडतो. मग ती उजेडापुढे धरून एकेक छिद्र पाहतो. फाटलेली असेल तर नवी घालतो, शिवत बसत नाही. यंदा वर्तमानपत्रावर चिमूटभर काजळी पडली, त्यात दोन पापुद्रे नखाएवढे होते. ते दोन्ही मी बोटांत चुरून पाहिले, कागदाची पुडी केली, ओल्या आळ्यात पुरली, आणि जाळी परत चढवून गाडी बागेत घेऊन गेलो.